आमच्या ह्यांचं पवित्र मौन

आमच्या दाराच्या चौकटीला उजव्या हाताला एक बोटभर लांबीची डबी तिरकी ठोकलेली आहे. आत धर्मवचनं लिहिलेली एक सुरळी असते. गोंदियात तिला सगळे बेल समजतात. वीजबिलवाला दाबतो, सिलिंडरवाला दाबतो, आणि वाजत नाही म्हणून शेवटी "ओ भाभी" करून गल्ली उठवतो. लग्न होऊन ह्या गावात आल्यावर पहिली काही वर्षं मी समजावून सांगत होते. मग सोडून दिलं. कोणी आम्हाला ख्रिश्चन समजतं, कोणी पारशी. एका बाईंनी तर आम्ही जैनांपैकी कोणीतरी असू असा अंदाज बांधला होता, कारण शनिवारी आमच्याकडे गॅस पेटत नाही.

मूळ आम्ही कोकणातले, बेने इस्राएल. सासरे रेल्वेच्या नोकरीत इकडे आले आणि इथल्या तांदळाला चटावले. गावात आमचं हे एकच यहुदी घर. प्रार्थनेला दहा पुरुष लागतात, आमच्याकडे एक आहे, आणि तोही गुडघे धरून बसतो. मोठ्या सणांना ठाण्याच्या सिनेगॉगला जातो, बाकी वर्षभर आमचा धर्म म्हणजे शुक्रवारचा दिवा, मनुकांचं सरबत आणि नवस फेडायचा तेव्हा पोह्यांचा मलिदा. पोहे ही एकच गोष्ट अशी आहे की जिच्याबाबतीत आमचा धर्म आणि गोंदिया जिल्हा ह्यांचं एकमत आहे.

इतकं सगळं बरं चाललं होतं. मग आमच्या ह्यांनी ऑनलाइन वर्ग लावला.

वर्ग दर रविवारी संध्याकाळी. 'आजचे सामाजिक प्रश्न आणि यहुदी नीती.' शिकवणारे सर ठाण्याचे, बँकेतून निवृत्त झालेले, मध्ये काही वर्षं इस्राएलला मुलाकडे राहून आलेले. ते बोलायला लागले की आजचा कुठलाही प्रश्न घ्या, हुंडा घ्या, मोबाइल घ्या, म्हाताऱ्या आईबापांना कोणी सांभाळायचं ते घ्या, धर्मात त्याचं उत्तर आधीच तयार असतं. असेलही. माझं इतकंच म्हणणं की प्रश्न पडलेला माणूस दारात ताटकळत असतो आणि उत्तर तीन रविवार चालतं. पडद्यावर दहाबारा चौकोन. एका चौकोनात पंखा दिसतो, एका चौकोनात कोणाचं तरी कपाळ. एक गृहस्थ कायम जेवत असतात. माईक बंद करायचं कोणाच्याही लक्षात राहत नाही, त्यामुळे दानधर्मावरच्या गंभीर विवेचनात मध्येच कुकरची शिट्टी होते.

पावसाळ्यानंतर सरांनी जिभेचं प्रकरण काढलं. आमच्यात त्याला 'लशोन हारा' म्हणतात, म्हणजे वाईट जीभ. गैरहजर माणसाबद्दल त्याला कमीपणा आणणारं काही बोलायचं नाही. खोटं तर नाहीच, पण खरं असलं तरी नाही. ऐकणाराही बोलणाऱ्याइतकाच दोषी. सरांचं म्हणणं, व्हॉट्सअ‍ॅप आल्यापासून हा सगळ्यात मोठा सामाजिक प्रश्न झाला आहे आणि त्याचं मूळ आपल्या प्रत्येकाच्या तोंडात आहे.

आता माझा धंदा सांगते, म्हणजे पुढचं कळेल. मी घरी ब्लाऊज शिवते. माप घेताना बाई दोन्ही हात वर करून उभी असते. त्या अवस्थेत माणसाला बोलावंसं वाटतंच. सासू, जाऊ, समोरची, वरच्या मजल्यावरची, सगळ्या माझ्या टेपखालून जातात. माझ्या ब्लाऊजची फिटिंग काही जगावेगळी नाही, हे मला ठाऊक आहे. बायका ज्या गप्पांसाठी येतात त्या मला देता येतात, आणि वर पदरात ब्लाऊज पडतो.

त्या वर्गानंतर आमचे हे आतल्या खोलीतून खोकायला लागले. बाई म्हणाली, "ऐकलं का वहिनी, त्या कोपऱ्यावरच्यांच्या सुनेनं..." की आतून खोकला. साधा नाही, घसा खरवडून काढलेला. बाई विचारायची, भाऊजींना बरं नाही का? मी सांगायची, नाही, धर्म झालाय त्यांना. सिगारेट सोडलेला माणूस जसा दुसऱ्याच्या खिशाकडे बघतो तसे हे माझ्या तोंडाकडे बघत असायचे. नोकरीत पार्सल ऑफिसला असताना स्टेशनमास्तरपासून हमालापर्यंत कोणाचं कोणाशी काय, हे ह्याच माणसाने मला जेवताना सांगितलेलं आहे. त्याचं काय, असं विचारलं तर म्हणाले, "तेव्हा मला माहीत नव्हतं."

त्या दिवसांत आमचं कडाक्याचं भांडण झालं आणि मी जाहीर केलं की आता ह्या घरात मी कोणाबद्दल म्हणून अवाक्षर काढणार नाही. बघू या किती दिवस जमतं आणि त्यातून काय उजेड पडतो. उजेड त्याच शनिवारी पडला.

आमच्या भिंतीला भिंत लागून एक कुटुंब राहतं. गृहस्थ राइस मिलमध्ये हिशेब बघतात, बायको घर बघते, आणि एकुलती मुलगी एका दवाखान्यात एक्स-रे काढते. पोरगी माझ्या डोळ्यासमोर मोठी झाली. तिची स्कूटी आमच्या फाटकात असते, कारण त्यांच्या फाटकात जागा नाही. दोन वर्षांपूर्वी तिचा साखरपुडा झाला होता आणि मोडला होता. साखरपुड्यानंतर मुलाकडच्यांनी चारचाकी मागितली. पोरीने स्वतः फाटकापाशी उभं राहून त्यांना परत पाठवलं. गल्लीने हे कौतुकाने बघितलं आणि नंतर दोन वर्षं त्याची व्याजासकट वसुली केली. 'एकदा मोडलेली' हे तिच्या नावापुढे असं चिकटलं की जणू पोरगी नाही, कपबशी आहे.

आता अर्जुनी मोरगावचं एक स्थळ आलं होतं. मुलगा पाटबंधारे खात्यात, तलावांच्या कालव्यांवर देखरेखीला. दोघं दोनदा भेटली, बोलली, आणि पोरीला तो मनापासून आवडला होता. हे तिने मला माप देताना सांगितलं होतं, हात वर करून. तिच्या आईने तर साखरपुड्याच्या ब्लाऊजचं कापडही माझ्याकडे आणून टाकलं होतं. हिरवं, जरीच्या काठाचं. फक्त एक गोष्ट राहिली होती. चौकशी.

ह्या चौकशीबद्दल मला जे वाटतं ते मी छापण्याजोग्या शब्दांत सांगते. मुलगी पसंत पडली की मुलाचा मामा किंवा मावशी तिच्या गल्लीत येतात आणि तिचं घर सोडून बाकी सगळ्यांच्या घरी चहा पितात. किराणावाल्याला विचारतात, गिरणीवाल्याला विचारतात. जो माणूस आपल्या स्वतःच्या बायकोच्या मनात काय आहे हे सांगू शकणार नाही, त्याला परक्याच्या मुलीचा स्वभाव विचारतात. उत्तर ठरलेलं असतं. शेजाऱ्याने म्हणायचं, "पोट्टी म्हणजे गाय आहे जी, गाय." आमच्या जिल्ह्यात लग्नाच्या वयाची प्रत्येक मुलगी गाय असते. नंतर त्या गायी सासरी जाऊन काय करतात ते माझ्या टेपला विचारा. पण म्हणायचं असतं ते म्हणायचं असतं. ऐकणाराही त्यावर विश्वास ठेवत नाही, फक्त ते ऐकून घेतो आणि निघतो. जो गाय म्हणत नाही त्याने मात्र बॉम्ब टाकलेला असतो.

तर शनिवारी दुपारी मुलाची मावशी आणि मामा आमच्या दारात. मामांनी अर्थातच ती डबी दाबली. एकदा, दोनदा. मग कडी वाजवली.

शनिवार म्हणजे आमचे हे सोफ्यावर, पांढऱ्या टोपीत, साक्षात पावित्र्य. पाहुण्यांना बसवलं. मी आत चहाला गेले. शनिवारी आमच्यात विस्तव पेटवायचा नसतो, म्हणून चहा म्हणजे शुक्रवारी संध्याकाळी करून थर्मासमध्ये भरलेला. सकाळपर्यंत तो चहा असतो, दुपारी त्याची नुसती आठवण उरते. मी तोच कपात ओतला. आतून सगळं ऐकू येत होतं.

मावशींनी हवापाणी केलं, धानाचं विचारलं, आणि मग आवाज खाली घेऊन म्हणाल्या, "तं बाजूची पोट्टी कसी आहे जी? तुमी तं भिंतीले भिंत लावून राहता."

मला वाटलं खोकतील. खोकले नाहीत. म्हणाले, "माफ करा. आम्ही कोणाच्याही बद्दल काहीही बोलत नाही. आमच्या धर्मात बसत नाही."

मी ट्रे घेऊन बाहेर आले तेव्हा मामा भिंतीकडे बघत होते. मावशी माझ्याकडे वळल्या. "बाई, तुमी तं सांगा. पोरीबारींचं बायकांले जास्त मालूम राहते."

मला तेव्हा एकच शब्द बोलायचा होता, चार पायांचा. तो मी इतक्या वेळा इतक्या जणींसाठी बोलले आहे की झोपेतही बोलले असते. पण आठवडाभर खोकला ऐकलेली बाई होते मी. ह्यांच्याकडे बघितलं आणि म्हणाले, "हे म्हणतात तेच."

मामांनी चहाचा एक घोट घेतला. त्यांच्या चेहऱ्यावर जे आलं ते पोरीमुळे की चहामुळे, हे आजवर मला ठरवता आलेलं नाही. दोघं उठले, हात जोडले, गेले. आमचे हे प्रसन्न होते. म्हणाले, "बघितलंस? अवघड नसतं." मी कप गोळा केले. बोलायचंच नाही असं ठरलं होतं ना.

दोनतीन दिवसांनी शेजारीण आली. आली ती पिशवी घेऊन. माझ्याकडे न बघता शिलाई मशीनकडे बघत म्हणाली, "वहिनी, ते हिरवं कापड परत द्या. सध्या काही घाई नाई."

मी विचारलं, काय झालं. ती म्हणाली, काही नाही, तिकडून निरोप आला, थोडं थांबू म्हणतात. मग तिला राहवलं नाही. अर्जुनीहून ज्याने हे स्थळ सुचवलं त्याच्याकडून तिला सगळं कळलं होतं. किराणावाला गाय म्हणाला, गिरणीवाला गाय म्हणाला, आणि भिंतीला भिंत लावून राहणारा, देवधर्माचा, टोपी घातलेला माणूस म्हणाला की मी बोलणार नाही. मावशींनी घरी जाऊन सांगितलं की चहा पण थंडा आणि जबाब पण थंडा, आणि असा माणूस गप्प बसतो म्हणजे सांगण्यासारखं नक्की काहीतरी आहे. एक साखरपुडा मोडलेला आहेच.

"भाऊजी काही वाईट बोलले नाई, हे मले मालूम आहे," ती म्हणाली. "पन बोलले असते तं बरं झालं असतं. वाईट बोललं तं मानूस विचारते तरी, कायले म्हनता म्हनून."

मी कापड घडी करून पिशवीत घातलं. आतल्या खोलीतून खोकला आला नाही. ती खोली त्या दिवशी कान देऊन ऐकत होती.

पोरगी स्वतः संध्याकाळी आली. स्कूटी लावली, हेल्मेट काढलं, आणि सरळ ह्यांच्या समोर जाऊन उभी राहिली. रडत वगैरे नव्हती. ती रडणाऱ्यांतली नाही, आणि म्हणूनच गल्लीला तिचा राग आहे.

"काका, एकच वाक्य बोलाचं होतं तुमाले. ते बी नाई बोलले."

हे म्हणाले, "अगं, मी तुझ्याबद्दल कधी वाईट..."

"वाईट नाई, चांगलं बी नाई. मंग मी तुमच्या फाटकात इतके वर्स गाडी लावून राहिली, ती तुमची कोन म्हनून लावून राहिली?"

ती गेल्यावर मी जेवण वाढलं. जेवताना आम्ही दोघंही कोणाबद्दल काहीही बोललो नाही. असं निर्मळ जेवण आमच्या घरात त्याआधी कधी झालं नव्हतं आणि देव करो, परत न होवो.

रविवारी ह्यांनी प्रश्न वर्गात मांडला. नाव न घेता, गाव न सांगता. मी पिको करत बाजूला बसले होते. मांडून होताच सगळे चौकोन एकदम बोलायला लागले. पुण्याच्या बाईंचं म्हणणं, मुळात अशी चौकशी करणंच निषिद्ध, म्हणजे दोष पाहुण्यांचा. जेवणाऱ्या गृहस्थांनी घास गिळून सांगितलं की लग्नाचा प्रश्न आला की सांगावंच लागतं, नाहीतर उद्या समोरचा फसला तर ते पाप आपल्यावर. पंख्याच्या चौकोनातून कोणीतरी थर्मासबद्दल विचारलं. शुक्रवारी भरलेला चहा शनिवारी दुसऱ्या धर्माच्या पाहुण्याला दिलेला चालतो का, ह्यावर पाच मिनिटं चर्चा झाली. एका पोरीचं लग्न मोडत होतं आणि ठाण्यापासून इस्राएलातल्या लोदपर्यंतची विद्वान मंडळी माझा चहा पीत होती.

शेवटी सरांनी सगळ्यांना गप्प केलं. माणूस तसा वाईट नाही. म्हणाले, "वाईट जिभेची धूळसुद्धा असते. 'त्याच्याबद्दल मी काही सांगणार नाही' असं म्हणणं ही त्यातलीच धूळ. तोंडातून शब्द गेला नाही, पण धूळ समोरच्याच्या डोळ्यांत गेली. तुम्ही नियम पाळायला गेलात आणि नेमका तोच मोडलात."

आमच्या ह्यांचा चेहरा पडद्यावर स्वतःच्याच चौकोनात त्यांना दिसत होता. मला वाटतं ती शिक्षा पुरेशी होती. मी मशीन थांबवलं नाही, पण टाके जरा सावकाश घातले.

"मग आता?" ह्यांनी विचारलं.

"आता जाऊन सांगा. डोळ्यांनी पाहिलं तेवढंच. वाढवून नाही आणि कमी करूनही नाही."

दुसऱ्या दिवशी अर्जुनीला जायचं ठरलं. पोरीला सांगितलं तर ती उखडली. माझ्यासाठी कोणापुढे हात जोडायला जाऊ नका म्हणाली. मग थोडा विचार करून म्हणाली, "जाता तं एक काम करा. त्यायनं माही चौकशी केली. त्याची कोनी केली का? आमच्या घरून कोनी नाई गेलं. पोट्ट्याची कायले कराची म्हनते बाबा. तुमी करा."

हे मला आधी सुचलं नाही ह्याची मला लाज वाटली. इतक्या पोरींचे इतके ब्लाऊज शिवले, पण मुलाच्या गल्लीत जाऊन चहा प्यायचा असतो हे माझ्या डोक्यात आलं नव्हतं. मुलगा म्हणजे सरकारी नोकरी; त्याच्या स्वभावाची चौकशी खात्याने केलीच असेल, असं आपण सगळे धरून चालतो.

सकाळच्या गाडीने निघालो. हे खिडकीशी बसून काय बोलायचं त्याची उजळणी करत होते, ओठ हलवून. मी म्हटलं, एकच शब्द म्हणा आणि चला. म्हणाले, "गाय हा शब्द मी उच्चारणार नाही. ती गाय नाही. हे वाढवून सांगणं होईल."

मुलाच्या घरी त्याची आई आणि त्या दिवशीच्या मावशी होत्या. मुलगा कालव्यावर गेला होता. आम्हाला बघून मावशींनी पदर सारखा केला आणि चहा गरम आहे असं मुद्दाम म्हणाल्या. मग आमच्या ह्यांनी साक्ष दिली.

पोरगी रागीट आहे, म्हणाले, मी स्वतः पाहिलं आहे. गाडी जोरात चालवते. स्वयंपाक कसा करते माहीत नाही, मी कधी खाल्लेला नाही. माझ्या आईचा शेवटचा आजार चालू होता तेव्हा रोज ड्यूटीवरून येऊन तिला उताणीची कुशीवर करायची, हे पाहिलं. साखरपुडा तिनेच मोडला, हे खरं. गाडी मागितली म्हणून मोडला. फाटकापाशी जे बोलली ते मी ऐकलं, कारण मी फाटकातच होतो. एकही शिवी दिली नाही, पण आवाज मोठा होता.

मी खाली जमिनीकडे बघत होते. मनात म्हटलं, झालं, आता हिरव्या कापडाचा परकर शिवा.

मुलाच्या आईने विचारलं, "मंग त्या दिवसी काऊन नाई सांगतलं जी इतकं?"

ह्यांनी जीभ, धूळ, वर्ग, सगळं सांगितलं. दोघी ऐकत राहिल्या. मावशी म्हणाल्या, "म्हनजे तुमी ख्रिश्चन नाई?" ह्यावर परत थोडा वेळ गेला. आई मात्र फक्त म्हणाल्या, "पाहू." ह्या एका शब्दावर आमच्या जिल्ह्यात लग्नं होतात, मोडतात आणि माणसं म्हातारी होतात. आम्ही उठलो.

मग मुलाची चौकशी. गल्लीत कोपऱ्यावर चक्की होती. चक्कीवाला म्हणाला, पोट्टा म्हणजे गाय आहे जी. शेजारच्या मास्तरांनी सांगितलं, एकदम गाय. दूधवाली म्हणाली, असा पोट्टा दिवा घेऊन शोधला तरी नाही मिळणार, गाय आहे. म्हणजे बैलांची काही वेगळी वस्ती असावी. मला हसू आवरत नव्हतं. शेवटचं घर समोरचं, भांड्यांचं दुकान आणि वर राहायची जागा. दुकानदार पन्नाशीचे, कपाळाला गंध, शांत. आमच्या ह्यांनी विचारलं.

दुकानदारांनी एक पातेलं उचललं, पुसलं, जागेवर ठेवलं. "मी कोनाबद्दल काही बोलत नसतो भाऊ," ते म्हणाले. "माफ करा."

मी आमच्या ह्यांच्याकडे बघितलं. तो चेहरा मी फ्रेम करून लावला असता.

परतीच्या गाडीत हा माणूस गोंदियापर्यंत स्वस्थ बसला नाही. काहीतरी आहे, म्हणाले. दारू असेल. नाहीतर आधीचं एखादं लग्न. समोर राहणारा माणूस असा उगाच गप्प बसत नाही. मी म्हटलं, धार्मिक असेल बिचारा, रविवारी वर्ग असेल त्याचा. ह्यांना ते लागलं नाही, इतके ते काळजीत होते. पार्सल ऑफिसातला जुना माणूस त्यांच्यात परत येऊन बसला होता आणि कसले कसले संशय बांधून ठेवत होता. खरं सांगते, काळजी मलाही वाटायला लागली होती. तीन लोक गाय म्हणाले हे मी केव्हाच विसरले. तो पुसलेला पातेल्याचा तळ मात्र डोळ्यांसमोर होता.

पोरगी आमच्या पायरीवर बसून वाट बघत होती. मुलाची आई 'पाहू' म्हणाल्या हे तिला सांगितलं, तर तिने मान उडवली. "त्याचं काय कळलं ते सांगा."

आता सांगायचं की नाही? आमचे हे माझ्याकडे बघायला लागले. मी मशीनवरचं कव्हर झटकायला लागले. अखेर त्यांनी सांगितलं, जसं घडलं तसं. सगळे चांगलं बोलले, समोरचा भांडीवाला बोलला नाही. का बोलला नाही ते माहीत नाही.

तिने तिथेच फोन लावला आणि स्पीकरवर टाकला. एवढं माझ्या काळी कोणी केलं असतं तर घरात आठवडाभर सुतक पाळलं असतं. पलीकडून मुलाचा आवाज आला, वाऱ्याचा आणि पाण्याचा आवाज मिसळलेला. तिने सरळ विचारलं, समोरच्या भांडीवाल्याचं आणि तुमचं काय आहे?

मुलगा म्हणाला, "त्यायच्या पोरीचं सांगून आलं होतं मले. मी नाई म्हटलं."

"काऊन?"

"ते तिचं आहे. माह्या सांगण्यासारखं नाई."

"मले बी नाई सांगणार?"

"तुमाले काय, कोनालेच नाई. रागावाचं असन तं रागवा." मग आवाज जरा बदलून म्हणाला, "आई हो म्हनून राहिली. फाटकात उभी राहून बोलनारी पाहिजेच होती म्हने ह्या घरात. मावशी रुसून बसली आहे."

पोरीने फोन ठेवला. पायरीवर बसून ती थोडा वेळ हेल्मेटचा पट्टा उघडत-लावत राहिली. मी मनात म्हटलं, आता विचारेल, काय असेल हो त्या भांडीवाल्याच्या पोरीत? मी विचारलं असतं. माझ्या जिभेवर सगळ्या शक्यता ओळीने तयार होत्या. तिने नाही विचारलं.

"नाई सांगत म्हनते," ती म्हणाली. "साखरपुडा मोडून दोन वर्स झाले, काकू. त्या लोकायनं माह्याबद्दल कुठं कुठं काय काय सांगतलं ते मी ऐकून राहिली. हा एका पोरीले नाई म्हनला आन् तिच्याबद्दल तोंड नाई उघडत. माह्यासमोर बी नाई." मग उठून स्कूटीची किल्ली शोधत म्हणाली, "ते हिरवं कापड आईपासून परत आनते. बाही जरा लांब ठेवा."

ती गेली. मी टेप शोधायला लागले, कारण डोळ्यांत काहीतरी गेलं होतं आणि ते ह्यांना दाखवायची माझी तयारी नव्हती. शिवाय एवढा सगळा उपद्व्याप करून शेवटी एक पोरगा गप्प बसला म्हणून काम झालं, ह्याचा अर्थ आमचे हे काय लावतील तेही मला दिसत होतं. सोफ्यावर बसून त्यांनी टोपी सारखी केली. घसा साफ केला.

"तसं बघायला गेलं तर," त्यांनी सुरुवात केली, "'माझ्या सांगण्यासारखं नाही' असं म्हणणं, हीसुद्धा एक प्रकारची धू..."

मी खोकले. साधं नाही, घसा खरवडून.